एकेचाळीस नंबरचं रीळ

४ मे १९८७, सोमवार

सुट्टी लागून आठवडा झाला आणि आज यमुताईंनी शाळेत बोलावून घेतलं. मुख्याध्यापिकेचं बोलावणं म्हणजे काम असणारच. प्रसिद्धी कार्यालयाचं पत्र आलं आहे. खेडोपाडी दाखवायचे जुने सरकारी माहितीपट ते मोडीत काढताहेत. शाळांना हवे असतील तर न्यावेत, सोबत जुना प्रोजेक्टरही मिळेल. जूनअखेर उरलेलं सगळं भंगारात.

"तुम्ही चित्रकलेच्या, म्हणजे चित्रपट तुमच्यातच आले," यमुताई म्हणाल्या. मी हो म्हटलं, कारण डोक्यात दुसरंच होतं.

ऑगस्टमध्ये आमच्या कलाशिक्षक मंडळाचं प्रदर्शन आहे. विषय 'चाळीस वर्षांचा देश'. मागच्या वेळी मी धरण, ट्रॅक्टर आणि उपग्रह असा मोठा तक्ता केला होता. त्यापुढे दोन माणसं थांबली. एक विचारत होता, पाण्याचा नळ कुठे आहे.

गेल्या महिन्यात वाचनालयातल्या एका मासिकात फोटो पाहिला. परदेशातल्या कुणा कलावंताने खोलीत टीव्हीचे नुसते डबे मांडलेत, प्रत्येकावर वेगळी जुनी फिल्म. टीव्ही बघायचा असतो, तो मांडायचा कसा? तेव्हापासून हे डोक्यातून जात नाही.

९ मे, शनिवार

बासष्ट डबे आणले, दोन सायकलरिक्षांत. प्रोजेक्टर कुणालाच चालवता येईना, म्हणून कार्यालयातल्या कारकुनाने मारोतरावांना पाठवलं. सत्तावीस वर्षं ते प्रसिद्धीच्या गाडीवर ऑपरेटर होते. लोक चित्रगाडी म्हणायचे. आता निवृत्त.

माणूस अबोल आहे. फिल्म कशी चढवायची ते मला दाखवलं, तेव्हा त्यांचं तोंड खिडकीकडे होतं. बोटं इतकी सराईत की बघायची गरजच नाही! मी तर दहा वेळा चुकले.

भिंतीवर चित्र आलं की विचारतात, "काय दिसून राहिलं, बाई?" मी सांगते. मग ते मान हलवतात. माझी परीक्षा घेतात बहुतेक. शिक्षिकेची परीक्षा घ्यायला कोणालाही आवडतं.

१२ मे, मंगळवार

पंचेचाळीस अंश. खिडक्यांना सतरंज्या लावून अंधार केला आहे. कूलर लावला तर आवाज ऐकू येत नाही, म्हणून तोही बंद. 'हे' म्हणाले, तुला उष्माघात झाला तर देशाच्या इतिहासासाठी झाला असं लिहू काय? लिहा म्हटलं.

अकरा रिळं झाली. एक गोष्ट लक्षात येते आहे: या सगळ्या फिल्मांत लोक हसतात. कापूस वेचताना हसतात, लस टोचून घेताना हसतात. फितीला कात्री लावणाऱ्या साहेबाच्या मागे एक म्हातारा मात्र हसत नाही, तो कान खाजवतो आहे. मी त्याच्यासाठी ते रीळ तीनदा पाहिलं.

मग एकेचाळीस नंबर. सन सत्तावन्न. पिपरडोह नावाचं गाव धरणात जायचं आहे. गावकरी डोक्यावर गाठोडी घेऊन रांगेने गाव सोडतात. निवेदक दणदणीत हिंदीत सांगतो की यांनी देशासाठी आपली भूमी आनंदाने अर्पण केली. रांगेत तिसरी एक तरुण बाई आहे, कडेवर मूल. ती कॅमेऱ्याकडे बघून अशी हसते की मीही हसले.

पण एवढाच तुकडा भयंकर खराब आहे. ओरखडे, फाटलेल्या कडा, सात ठिकाणी चिकटवलेलं. बाकी रीळ जवळजवळ कोरं. असं का?

१३ मे, बुधवार

मारोतरावांना विचारलं. "मशीन खाते कधी कधी," म्हणाले. इतर रिळांत का नाही खाल्लं, ते सांगेनात.

निघताना मात्र पायरीवर थांबले. "बाई, ते तिसरी बाई दिसते काय अजून? पोट्टं घेतलेली?"

दिसते म्हटलं.

"चांगलं झालं," म्हणाले आणि कठडा धरून उतरले.

मी तर त्यांना तिसऱ्या बाईबद्दल काही बोललेच नव्हते.

१९ मे, मंगळवार

ओमप्रकाश आला. लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटी काढतो, महाल भागात दुकान आहे. खांद्यावर कॅमेरा, बगलेत व्हीसीआर, मध्ये वायर. आम्ही भिंतीवर फिल्म लावली आणि त्याने ती व्हिडिओवर घेतली.

"मॅडम, चित्रात काळा पट्टा वरून खाली जाऊन राहिला. शादीत असा आला तं पार्टी पैसे नाही देत."

मी म्हटलं, राहू दे पट्टा. फिल्मचा वेग वेगळा, व्हिडिओचा वेगळा, दोघांचं जमत नाही, ते दिसू दे. त्याने माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की मला स्वतःबद्दल फार बरं वाटलं. कलावंत झाल्यासारखं.

२४ मे, रविवार

आज मारोतराव बोलले. मी भजी केली होती, त्याचाही हातभार असेल.

पिपरडोहच्या लोकांना सावनेरच्या पलीकडे एका माळावर नवं गाव दिलं. साठ साली चित्रगाडी तिथे गेली आणि यादीत हे रीळ होतं. "मले का माहीत, का हे त्याइचंच गाव आहे? लावलं. पयले तं सारे चूप. मंग एक बुढा ओरडला, थो माया निंब! अन् मंग जो कल्ला झाला बाई! ज्याचं त्याचं घर दाखवून राहिले."

फिल्म संपली. लोक उठेनात. पुन्हा लाव म्हणाले. पुन्हा लावली. तेव्हा कुणीतरी विचारलं, उलटी चालते काय गा हे मशीन?

"चालते ना. रिव्हर्स असतो. मी लावला. गाठोडी घेऊन मानसं उलट्या पावलानं घराकडं चालली. आपापल्या घरी गेली. कोनी टाळ्या नाही वाजवल्या. चूपचाप पाहत होते."

त्यानंतर जेव्हा जेव्हा त्या बाजूला दौरा असे, तेव्हा गाडी आधी नव्या पिपरडोहला. तेवढा तुकडा पुढे, मागे, पुढे, मागे. दहा वर्षं. म्हणून ओरखडे. रीळ खराब केल्याबद्दल त्यांना दोनदा मेमो मिळाला. त्यांनी दोन्ही वेळा लिहून दिलं, मशीनमध्ये दोष.

मला झोपच यायची नाही. केवढा विषय हाती लागला! आणि ती तिसरी बाई जिवंत आहे, प्रयागबाई.

२ जून, मंगळवार

मारोतरावांबरोबर एसटीने नव्या पिपरडोहला गेले. उतरताना त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला, गर्दी होती.

प्रयागबाई साठीच्या असतील. दारात तूर पाखडत बसल्या होत्या. मारोतरावांचा आवाज ऐकून सूप खाली ठेवलं. "चित्रगाडीवाले भाऊ काय? किती वर्सांनी गा!"

मी विचारलं, "मावशी, गाव सोडताना तुम्ही हसत कशा होतात?"

"कोनं सोडलं त्या दिवशी?" त्या म्हणाल्या. "थो साहेब आला मुंबईचा. म्हणे गाठोडी बांधा अन् चाला. आमच्या गाठोड्यात गवत होतं वं! तीनदा चालवलं आमाले, वेशीपर्यंत अन् परत. त्या साहेबाच्या पॅंटीत कुसळं भरली होती, कुदून कुदून काढत होता. म्हणून हासली मी."

म्हणजे ती रंगीत तालीम होती! गाव खरं सुटलं चार महिन्यांनी, भादव्यात. तेव्हा कॅमेरा नव्हता.

कडेवरचं मूल त्यांचा मुलगा. दीड वर्षाचा. नव्या गावात आल्यावर तीन महिन्यांत हगवणीने गेला. त्याचा दुसरा फोटो नाही. फिल्ममध्ये त्याने तोंड आईच्या खांद्यात लपवलेलं आहे, पाठच दिसते.

"बाई, तू शिकलेली," त्या म्हणाल्या, "पलीकडून नसंल काढला काय त्याइनं? तीनदा चाललो आमी. एखाद्या बारीले त्यानं मान फिरवली असंल."

हे बोलताना त्यांचा चेहरा! कॅमेरा असता तर!

(वरचं वाक्य खोडणार होते. राहू दे. तेव्हा तेच मनात आलं.)

९ जून, मंगळवार

माहितीपट जिथे तयार झाला त्या मुंबईच्या कार्यालयाला पत्र टाकलं. सत्तावन्न साली न वापरलेले तुकडे असतील तर कळवावं.

दरम्यान भिंगाने एकेक चौकट बघते आहे. मूल अकरा सेकंद दिसतं. सेकंदाला चोवीस चौकटी. दोनशे चौसष्ट वेळा पाहिलं. एकशे नव्वदच्या आसपास तो जरासा हलतो आणि डावा कान दिसतो. कानाची पाळी मोठी आहे. गालाची एक कड. मग आईचा पदर वाऱ्याने मध्ये येतो.

मी मुलांना शिकवते की बघणं म्हणजे निम्मं चित्र. इतकं मी आयुष्यात काही पाहिलेलं नाही आणि तरी चित्र नाही.

२६ जून, शुक्रवार

डबे ठेवायला शाळेत जागा नाही. चौदा ठेवून घेतले, बाकीचे आज गेले. त्यांचं काय होतं विचारलं तर हातगाडीवाला म्हणाला, वितळवून बांगड्या करतात. कान खाजवणारा म्हातारा जाणाऱ्यांत होता. माझ्या लक्षात आलं तेव्हा गाडी चौकातून वळली होती.

आज मारोतरावांना घ्यायला त्यांच्या पत्नी रंभाबाई आल्या. मी सहज म्हटलं, मारोतराव मला रोज विचारतात काय दिसतं म्हणून, फार कडक परीक्षक आहेत.

रंभाबाई म्हणाल्या, "परीक्षा काहून घेतीन ते? त्याइले दिसत नाही ना बाई. काचबिंदू आहे. दोन वर्सं झाले. तुमाले सांगतलं नाही काय?"

दीड महिना आम्ही एका खोलीत बसलो. खिडकीकडे वळलेलं तोंड, कठडा, एसटीतला हात. मी स्वतःला बघणारी म्हणवते.

मी आत गेले. त्यांनी विचारलं, "गेले काय सारे डबे?" गेले म्हटलं. मग न विचारताच सांगितलं की एकेचाळीस नंबर माझ्या टेबलावर आहे आणि त्याच्या झाकणावर त्यांच्या हातची खडूची खूण अजून आहे. त्यांनी हात पुढे केला. मी डबा हातात दिला.

१४ जुलै, मंगळवार

मुंबईचं उत्तर. तीन ओळी. वापरात न आलेले तुकडे त्या काळी जपून ठेवले जात नसत. कळावे.

१९ जुलै, रविवार

आजचं लिहायला नको वाटतं, म्हणून लिहिते.

प्रयागबाईंना पत्राबद्दल सांगायला जायचंच होतं. मी ओमप्रकाशला कॅमेरा घेऊन नेलं. माझी कल्पना पक्की होती: एका टीव्हीवर सत्तावन्नचं हसू, दुसऱ्यावर ही बातमी ऐकतानाचा आजचा चेहरा. मारोतराव एसटीत म्हणाले, "सांगाचं तं सांगा बाई. कॅमेरा काहून?" मी म्हटलं, ते कलेचं आहे, तुम्हाला नाही कळायचं. असं मी म्हटलं.

ओमप्रकाशने कॅमेरा चालू केला. मी म्हणाले, "मावशी, मुंबईहून पत्र आलं. तुकडे नाहीत."

प्रयागबाई उठल्या, दोरीवरचं वाळत घातलेलं लुगडं ओढलं आणि कॅमेऱ्यावर टाकलं. रागाने नाही, रडत्या लेकरावर पांघरूण टाकावं तसं. परत येऊन बसल्या.

"आता सांगते," म्हणाल्या.

आणि भादव्यातली खरी गोष्ट सांगितली. एक ट्रक, त्याच्या पाच खेपा. सासऱ्यांनी दाराची चौकट काढून घेतली, पण जातं नाही नेऊ दिलं, ड्रायव्हर म्हणाला वजन होते. मूल ट्रकमध्ये त्यांच्या मांडीवर झोपलं होतं. वेस कधी गेली ते त्यांना कळलंच नाही, कारण त्याच्या तोंडावर पाऊस येऊ नये म्हणून त्या खाली बघत होत्या. "गाव मी पायलंच नाही शेवटचं. त्याचं तोंड पाहत होती."

ओमप्रकाश हळूच म्हणाला, "मॅडम, आवाज चालूच होता."

मी प्रयागबाईंना तसं सांगितलं. हवं तर आत्ता पुसतो म्हटलं. त्या म्हणाल्या, आधी ऐकव. ओमप्रकाशच्या छोट्या टीव्हीचा पडदा काळा आणि त्यातून त्यांचा आवाज. पूर्ण ऐकलं.

"एवढी घोगरी बोलते काय मी?" मग म्हणाल्या, "राहू दे. दाखव. त्या हासण्याच्या बाजूले ठेव."

परतताना मला वाटत होतं की काळ्या पडद्याची कल्पना मला सुचली. सावनेर येईपर्यंत वाटत होतं.

१५ ऑगस्ट, शनिवार

प्रदर्शन उघडलं. रांगोळीतला नकाशा, थर्माकोलचा उपग्रह आणि कोपऱ्यात माझे दोन टीव्ही, एक आमच्या घरचा. एकावर रांगेने जाणारी माणसं, निवेदकाचा आवाज बंद. दुसरा काळा आणि त्यातून प्रयागबाई.

दिवसभर लोक येऊन काळ्या टीव्हीला थापट्या मारत होते. एकाने मागची पिन काढून परत लावली. यमुताई पाहुण्यांसमोर मोठ्याने म्हणाल्या, "पुष्पलताबाई, तुमचा एक सेट बंद पडला हो." मग अध्यक्षांनी बाजूला घेतलं. समारंभाच्या दिवशी हे बरं दिसत नाही, एकतर चित्र लावा किंवा तो टीव्ही हलवा. फिल्मचा मूळ आवाज का काढला, हेही विचारलं. तो आवाज खोटं बोलतो, असं मी म्हटलं. अध्यक्ष म्हणाले, चाळीस वर्षं पूर्ण होताहेत बाई, आज नको.

मी उद्यापर्यंतची मुदत मागितली. 'हे' घरी म्हणाले, टीव्ही परत येणार असेल तर माझी हरकत नाही. मग जेवताना म्हणाले, त्या बाईचा आवाज मी तीन वेळा ऐकला.

१६ ऑगस्ट, रविवार

अकरा वाजता मारोतराव आले, मागे नव्या पिपरडोहची नऊ माणसं. प्रयागबाई, त्यांची शेजारीण भागीरथा, बाकीचे म्हातारे. मारोतरावांनी पत्रं लिहवून घेऊन त्यांना बोलावलं होतं. मला काही सांगितलं नव्हतं.

ते सतरंजीवर बसले. अध्यक्ष टीव्ही हलवायला शिपायाला घेऊन आले आणि उभे राहिले, कारण मध्ये नऊ माणसं होती आणि कुणी सरकत नव्हतं.

एक म्हातारा म्हणाला, "उलटी नाही होत काय गा हे?" व्हीसीआरजवळ बसलेल्या ओमप्रकाशने बटण दाबलं. चित्रावर आडव्या रेघा आल्या आणि त्या रेघांतून माणसं उलट्या पावलांनी गावात शिरली. मारोतराव भिंतीला टेकून उभे होते. मी त्यांच्याजवळ गेले आणि सांगत राहिले: आता निंब आला. आता पहिली बाई मागे चालली. आता तिसरी. अध्यक्षही ऐकत होते. त्यांनी शिपायाला खुर्ची आणायला सांगितलं आणि तिच्यावर बसले. टीव्ही हलवायचं पुन्हा कुणी बोललं नाही.

मग काळ्या टीव्हीतून ट्रकची गोष्ट आली. भागीरथा मध्येच म्हणाली, "जातं मी आनलं होतं तुयं, दुसऱ्या खेपीत. तू पायलं नाही." प्रयागबाई तिच्याकडे वळल्या. तीस वर्षांत हे कधी निघालंच नव्हतं. ते जातं भागीरथाकडेच आहे.

आणि तिथून मुलावर आलं. भागीरथा म्हणाली, त्याचं नाक बापासारखं होतं, बसकं. प्रयागबाई म्हणाल्या, छट, माझ्या भावासारखं. आणखी एकजण म्हणाली, डोळे पिंगे होते. नव्हते. होते. हसला की एका गालाला खळी. कोणत्या? यावर तिघींत मोठं भांडण. त्या हसत होत्या.

माझ्या पर्समध्ये वही होती. तिघी सांगताहेत, कान मी स्वतः पाहिलेला, गालाची कड पाहिलेली. मी पंचवीस वर्षं चेहरे काढते आहे. मी प्रयागबाईंजवळ बसले आणि म्हटलं, "मावशी, मी काढून देऊ? तुम्ही सांगा, मी काढते. नाही जमलं तर खोडता येईल."

त्यांनी वहीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. माझा हात धरला.

"नको वं बाई. तू चांगलंच काढशीन. मंग मले तेच दिसन."

मी वही आत ठेवली. वाईट वाटलं नाही. म्हणजे, थोडं वाटलं.

पाच वाजता सगळ्यांना सावनेरच्या गाडीवर सोडायला गेले. गाडीला उशीर होता. ओमप्रकाशने सगळ्यांना चहा पाजला. मारोतराव आणि तो म्हातारा निंबाबद्दल बोलत बाकावर बसले होते. मी प्रयागबाईंच्या शेजारी होते. अडीच महिने मी त्यांच्या मुलाचा चेहरा शोधला, मुंबईला पत्र लिहिलं, दोनशे चौसष्ट चौकटी भिंगाखाली धरल्या. या वहीत त्याला सगळीकडे 'मूल' लिहिलं आहे.

"मावशी, त्याचं नाव काय होतं?"

त्यांनी कपातला चहा संपवला.

"कवडू," म्हणाल्या. "त्याच्या आंधीचे दोन गेले होते. म्हणून थो जलमला तवा दाईले देऊन टाकला अन् एका कवडीत परत इकत घेतला. कवडू." आणि थोड्या वेळाने, "लिहून घे."

तिथेच, त्यांच्यासमोर, लिहून घेतलं.